निवडणारीचं नाव

(महिला कार्यकर्त्यांच्या एका निवासी शिबिरात केलेल्या भाषणाचं शब्दांकन. बोलण्याचा ओघ शक्यतो तसाच ठेवला आहे.)



भाषण करायची मला सवय नाही. माझ्या कामात बोलतात ते दुसरे. मी समोर बसून ऐकते आणि कागदावर खुणा करते. जवळजवळ तीस वर्षं हेच करते आहे. मालिका, जाहिराती, नंतर चित्रपट. यांच्यासाठी नटनट्या शोधायच्या, त्यांची ऑडिशन घ्यायची, दिग्दर्शकापुढे चार नावं ठेवायची. याला कास्टिंग म्हणतात. पुढे दोघींनी मिळून पैसे उभे करून एक लहानसा मराठी चित्रपटही काढला, म्हणून माझ्या नावापुढे 'निर्माती' असंही लागतं. ताईंनी फोनवर सांगितलं, "तुझ्या कामाबद्दल बोल." मी म्हटलं, माझ्या कामात बायकांच्या चळवळीला सांगण्यासारखं काय आहे? मग रात्रभर विचार केला आणि लक्षात आलं, आहे. थोडं अभिमानाचं आहे, थोडं लाजेचं आहे. दोन्ही सांगते.

माझी आई अजून विचारते, "तू नक्की करतेस काय गं? नाच नाही, गाणं नाही, अभिनय नाही. मग पैसे कशाचे देतात?" मी तिला म्हटलं, आई, तू मावशीच्या मुलीचं लग्न जमवलंस तेव्हा काय केलंस? कोण कोणाला शोभेल, कोणाचं कोणाशी पटेल, कोणता मुलगा वरून गरीब दिसतो पण आतून तापट आहे, हे तू ओळखलंस. मी तेच करते. आई म्हणाली, "मग मला कुणी पैसे दिले?"

हसू नका. आईच्या त्या एका प्रश्नात माझ्या धंद्याचा सगळा इतिहास आहे.

आपल्याकडचीच गोष्ट घ्या. दादासाहेब फाळक्यांनी १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' काढला, हे आपण शाळेत शिकलो. तारामतीसाठी बाई मिळेना. जाहिराती झाल्या, वेश्यावस्तीतही विचारून झालं, तिथूनही नकार आला. शेवटी ग्रँट रोडच्या एका खाणावळीत काम करणाऱ्या अण्णा साळुंके नावाच्या नाजूक चणीच्या पुरुषाला तारामती केलं. पुढे 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिल्या, तेव्हा कुठे बाईचं काम बाईने केलं.

ही कथा सगळे रंगवून सांगतात. पण त्याच घरात सरस्वतीबाई फाळके होत्या. त्यांनी दागिने काढून दिले, म्हणजे भांडवल घातलं. फिल्मला भोकं पाडायला शिकल्या, फिल्म धुवायला शिकल्या, आणि शिवाय सगळ्या माणसांचा स्वयंपाक रोज रांधला. आजच्या भाषेत बोलायचं तर पैसा उभा करणं, तांत्रिक काम आणि युनिटचं जेवणखाण, ही तिन्ही खाती त्या एकट्या सांभाळत होत्या. यांपैकी पहिल्या कामाला निर्मिती म्हणतात. पण आपण त्यांना भारताच्या पहिल्या निर्मात्यांपैकी एक असं म्हणतो का? आपण म्हणतो, "पत्नीने मोलाची साथ दिली." 'साथ' हा शब्द ऐकला की मी सावध होते. बाईच्या कामाला नाव द्यायचं नसलं की 'साथ' म्हणतात.

आता तुम्हाला एका परदेशी बाईबद्दल सांगणार आहे. मुद्दाम सांगते, कारण मी या धंद्यात शिरले तेव्हा मला तिचं नाव माहीत नव्हतं आणि माहीत असतं तर पुष्कळ वर्षं मी स्वतःला दोष देत बसले नसते. तिचं नाव मॅरियन डॉहर्टी. जन्म १९२३, अमेरिकेतल्या पेनसिल्व्हेनियातल्या एका लहान गावात. कॉलेजनंतर न्यूयॉर्कला आली, एका मोठ्या दुकानाच्या काचा सजवायचं काम केलं आणि मग टेलिव्हिजनच्या अगदी सुरुवातीच्या काळात एका नाट्यमालेसाठी नट शोधायच्या कामावर लागली. दर आठवड्याला नवं नाटक, थेट प्रक्षेपण. म्हणजे दर आठवड्याला नवी माणसं शोधायची.

त्या काळी हॉलिवुडमध्ये नट शोधायचे म्हणजे काय, तर स्टुडिओकडे करारावर बांधलेल्या नटांची यादी असायची. उंच नायक, गोरी नायिका, जाडा विनोदी, हाडकुळा खलनायक. यादीतून नाव काढायचं आणि पाठवायचं. मॅरियनने तसं केलं नाही. ती रात्री नाटकं बघायला जायची. छोट्या छोट्या थिएटरांत, जिथे नटाला कुणी ओळखत नाही तिथे. आणि कार्डांवर टिपणं लिहायची. कोण कसं दिसतं एवढंच ती लिहीत नसे. हा माणूस काय करू शकेल, तेही लिहायची. जेम्स डीन, रॉबर्ट डुव्हल, जीन हॅकमन, डस्टिन हॉफमन, अल पचिनो यांना सुरुवातीच्या काळात कामं मिळवून देण्यात तिचा हात होता. देखणेपणाच्या तेव्हाच्या मापात बसणारे यांतले किती? ही माणसं पडद्यावर आली म्हणून प्रेक्षकांची मापं बदलली.

जॉन व्हॉइट नावाच्या नटाची गोष्ट सांगते. मॅरियनने त्याला एका मालिकेत घेतलं आणि त्याने वाईट काम केलं. आपल्याकडे असं झालं की त्या नटाच्या नावावर कायमची काट. पण काही वर्षांनी 'मिडनाइट काउबॉय'साठी नट हवा होता, तेव्हा तिनेच पुन्हा त्याचं नाव पुढे केलं. त्या कामाने तो मोठा झाला. त्या चित्रपटाला १९६९ सालच्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं ऑस्कर मिळालं, दिग्दर्शकाला मिळालं, पटकथेला मिळालं.

आणि मॅरियनचं नाव? त्या चित्रपटाच्या नामावलीत ते नाहीच. तिने पडद्यावर आपलं नाव स्वतंत्र यावं अशी मागणी केली होती. ती मान्य झाली नाही. तेव्हा ती म्हणाली, मग नाव घालूच नका.

साठीच्या दशकात तिने न्यूयॉर्कमध्ये स्वतःचं ऑफिस काढलं. पूर्व तिसाव्या रस्त्यावरचं एक जुनं घर. तिथे तिने तरुण मुली हाताखाली घेतल्या आणि शिकवल्या. या कामाला मान आणि पैसा दोन्ही कमी, म्हणून बायकांना तिथे शिरकाव मिळाला. आपल्याकडे शिक्षिका आणि नर्स यांचं झालं तसंच. त्यांतली जूलिएट टेलर पुढे फार नावाजली. मॅरियन स्वतः नंतर पॅरामाउंट आणि मग वॉर्नर ब्रदर्स या स्टुडिओंच्या कलाकार-निवड विभागाची प्रमुख झाली. म्हणजे हिशेब केला तर पन्नास वर्षांचं काम.

आणि तरी हे कामच नाही, असं म्हणणारे होते. तिकडे 'कास्टिंग डिरेक्टर' या शब्दालाच दिग्दर्शकांच्या संघटनेचा आक्षेप. दिग्दर्शक एकच असतो, म्हणाले. म्हणून पडद्यावर फक्त 'कास्टिंग' आणि पुढे नाव. आता बघा, छायाचित्रणाच्या दिग्दर्शकाला दिग्दर्शक म्हणायला कुणाची हरकत नाही. तिथे बहुतेक पुरुष असतात. जिथे बायका जास्त, तिथे मात्र शब्दाची काटकसर.

१९९१ साली मॅरियनला विशेष ऑस्कर द्यावं म्हणून मोठमोठ्या नटांनी, दिग्दर्शकांनी पत्रं लिहिली. मिळालं नाही. ती २०११ च्या डिसेंबरात गेली. पुढच्याच वर्षी तिच्यावरचा 'कास्टिंग बाय' हा माहितीपट आला, त्यात ती स्वतः बोलते. २०१३ मध्ये ऑस्कर देणाऱ्या अकादमीने कास्टिंगवाल्यांची वेगळी शाखा केली. २०१६ मध्ये या धंद्यातल्या पहिल्या व्यक्तीला मानाचं ऑस्कर मिळालं. कोणाला? लिन स्टॉलमास्टर यांना. माणूस गुणी, त्यांच्याबद्दल माझी तक्रार नाही. पण बायकांनी भरलेल्या धंद्यातला पहिला मान पुरुषाला गेला, एवढं नोंदवून ठेवते. २०२४ मध्ये जूलिएट टेलरला तसाच मान मिळाला. आणि त्याच वर्षी अकादमीने जाहीर केलं की २०२५ सालच्या चित्रपटांपासून कास्टिंगसाठी दरवर्षी ऑस्कर द्यायचं. ऑस्कर सुरू झाली १९२९ साली. करा हिशेब.

मला हे का लागलं, ते सांगते. मी पहिली मालिका केली तेव्हा एकूण चाळीसेक पात्रं मी शोधली होती. पहिला भाग लागला, घरचे सगळे टीव्हीसमोर बसले. नामावलीत चहा देणाऱ्या मुलाचंही नाव होतं, आणि असायलाच हवं. माझं नव्हतं. दुसऱ्या दिवशी विचारलं तर निर्मितीप्रमुख म्हणाले, "अहो, तुमचं काय, तुम्ही घरच्याच." घरचं माणूस म्हटलं की पगारही उशिरा आणि नावही नाही. मी गप्प बसले. मॅरियनसारखं "मग नाव घालूच नका" म्हणायची माझी पत नव्हती. पत नसताना काय करायचं, हा प्रश्न होता. त्याचं उत्तर मला पाच-सहा जणी एकत्र आल्यावर मिळालं. आम्ही ठरवलं की लेखी करार झाल्याशिवाय आणि त्यात नावाचं कलम असल्याशिवाय एकीनेही काम घ्यायचं नाही. दोघींची कामं गेली. तिसरीच्या करारात कलम आलं. त्यानंतर ते मागणं सोपं झालं. तुम्हाला यात नवीन काही नाही, तुम्ही मोलकरणींच्या संघटना बांधल्या आहेत. मला मात्र ते कळायला दहा वर्षं लागली.

इथपर्यंत अभिमानाचं झालं. आता दुसरी बाजू.

मुंबईत वर्सोव्याला आरामनगर आहे. जुनी बैठी घरं, त्यांत ऑडिशनच्या खोल्या. सकाळपासून मुलंमुली रांगा लावतात. दाराशी एक असिस्टंट असतो. तो चेहरा बघतो आणि म्हणतो, "नॉट फिट." दोन शब्द. संवाद म्हणायला मिळतच नाही. मुलगी लातूरहून आलेली असो, जळगावहून आलेली असो, रात्रभर गाडीत उभी राहून आलेली असो. कसली 'फिट' आणि कशात? ते माप कोण ठरवतं? मी ठरवते, मैत्रिणींनो. माझ्यासारख्या ठरवतात.

सोलापूरकडची एक मुलगी आली होती, आत्याला बरोबर घेऊन. कॉलेजातल्या मुलीच्या भूमिकेसाठी अर्ज भरलेला. छान वाचलं तिने, त्या दिवसातलं सगळ्यात चांगलं. सावळी होती. मी तिच्या अर्जावर लिहिलं, "मोलकरणीसाठी चालेल." कागद टेबलावरच होता, तिने तो उलटा वाचला. म्हणाली, "ताई, माझं वाचणं चुकलं का?" मी म्हटलं, नाही. "मग?" मला उत्तर देता आलं नाही. आत्या म्हणाली, "चल गं, गाडीची वेळ झाली." तिने भांडण केलं असतं तर बरं झालं असतं.

मी स्वतःला समजावलं की चॅनलला गोरी मुलगी हवी, निर्मात्याला हवी, प्रेक्षकांना हवी. मी काय करणार? पण दिग्दर्शकापुढे चार नावं ठेवायचं काम माझं होतं. त्या चारांत तिचं नाव घालायला मला कुणीच अडवलं नव्हतं. त्यांनी नाही म्हटलं असतं तर पाप त्यांचं. मी त्यांचं 'नाही' त्यांच्या आधी म्हणून टाकलं. पुरुषसत्ता, जात, वर्ण हे शब्द आपण शिबिरात वापरतो तेव्हा ते बाहेर कुठेतरी असतात. त्या दिवशी ते माझ्या बॉलपेनात होते.

इथे मॅरियन पुन्हा आठवते. १९८७ साली 'लेथल वेपन' नावाचा चित्रपट आला. दोन पोलिसांची गोष्ट. त्यातल्या एकासाठी तिने डॅनी ग्लोव्हर या काळ्या नटाचं नाव सुचवलं. दिग्दर्शक गडबडला, म्हणाला, पण तो काळा आहे. ती म्हणाली, मग काय झालं? पटकथेत त्या पोलिसाचा वर्ण लिहिलेलाच नव्हता. वाचणाऱ्याने मनातल्या मनात तो गोरा करून टाकला होता. पुढे त्या दिग्दर्शकाने, रिचर्ड डॉनर यांनी, या प्रसंगाची आपल्याला लाज वाटल्याचं मोकळेपणी सांगितलं. मोलकरीण सावळीच आणि डॉक्टर गोरीच, हे आपल्याकडेही बहुतेक वेळा पटकथेत लिहिलेलं नसतं. आपण ते घालतो.

दुसरी लाज याहून मोठी आहे. सुरुवातीच्या वर्षांत एका निर्मात्याने सांगितलं, "त्या अमुक मुलीला सांग, संध्याकाळी हॉटेलवर येऊन भेट. भूमिकेवर चर्चा करायची आहे." मी निरोप दिला. फक्त निरोप. मुलीने मला विचारलं, "ताई, तुम्ही असाल ना?" मी म्हटलं, "मला दुसरीकडे जायचंय." मला कळत होतं. मला कळत नव्हतं असं मी आज तुमच्यासमोर म्हणणार नाही. ती गेली की नाही, मला माहीत नाही. पण ती पुन्हा कधी कुठल्या ऑडिशनला दिसली नाही. तिची तक्रार कुठे नोंदलेली नाही. त्या निर्मात्याचं काम व्यवस्थित चालू राहिलं, आणि माझंही.

'कास्टिंग काउच' हा शब्द वर्तमानपत्रं चवीने छापतात. त्यात मुलगी दिसते, पुरुष दिसतो. निरोप देणारी बाई दिसत नाही. म्हणून मी तो निरोप तुम्हाला सांगितला. आमच्या मौनावर ती व्यवस्था उभी असते. केरळात २०१७ साली एका अभिनेत्रीवर हल्ला झाला, त्यानंतर तिथल्या बायकांनी संघटना केली, सरकारला न्यायमूर्ती हेमा समिती नेमावी लागली. समितीने २०१९ च्या अखेरीस अहवाल दिला, तो बाहेर यायला २०२४ चा ऑगस्ट उजाडला. कामाच्या बदल्यात शरीर मागितलं जातं, नाही म्हटलं तर काम बंद होतं, हे त्यात साक्षींनिशी आलं. ते वाचताना मी कितीतरी वेळा पुस्तक मिटावं तसा तो मिटला.

आमचा स्वतःचा चित्रपट काढला तेव्हा हातात थोडी सत्ता आली. तेव्हा आम्ही दोघींनी काही नियम भिंतीवर लावले. फार मोठे नाहीत. ऑडिशन दिवसाउजेडी आणि ऑफिसातच. खोलीत कमीत कमी दोन बायका. बरोबर आलेल्या माणसाला बसायला जागा. संवाद आदल्या दिवशी पाठवायचा, म्हणजे मराठी शाळेतून आलेल्या मुलीला तयारीला वेळ मिळतो. स्पर्शाचा प्रसंग असेल तर तो ऑडिशनमध्ये करायला लावायचा नाही. बाहेरगावहून बोलावलं तर गाडीभाडं द्यायचं. निवड झाली नाही तरी फोन करून सांगायचं. हे सगळ्यात अवघड, कारण 'नाही' सांगायला कुणालाच आवडत नाही. पण वाट बघण्यात या मुलींची वर्षं जातात.

आणि तक्रार समिती. २०१३ च्या कायद्याने दहा किंवा जास्त माणसं काम करतात तिथे अंतर्गत समिती हवी. चित्रपटाचं युनिट म्हणजे कामाची जागा, हे २०२२ मध्ये केरळ उच्च न्यायालयाने स्पष्ट केलं. आपल्याकडे पुष्कळ जण म्हणतात, ऑडिशनला आलेली मुलगी कुठे नोकरीला आहे? कार्यकर्त्यांनी हे नीट लक्षात ठेवा. कायद्यात पीडित महिला म्हणजे कोणत्याही वयाची, नोकरीला असलेली किंवा नसलेली. म्हणजे ऑडिशनची मुलगीसुद्धा. दहापेक्षा कमी माणसांचं ऑफिस असेल तर जिल्ह्याची स्थानिक समिती आहे. तक्रार लेखी, साधारण तीन महिन्यांच्या आत. लिहिता येत नसेल तर समितीने लिहून घ्यायला मदत करायची. तुमच्या गावातल्या किती मुली आता शूटिंगच्या नादाने शहराकडे निघतात! त्यांना अडवू नका. त्यांच्या हातात हे चार ओळींचं चिटोरं द्या.

आमच्या चित्रपटात सोलापूरची ती मुलगी घ्यावी म्हणून मी फार शोधलं. जुन्या अर्जावरचा फोन बंद होता. असं सिनेमात घडतं, की ती सापडते आणि मोठी नटी होते. आमच्याकडे घडलं नाही. नायिकेचं काम दुसऱ्या एका सावळ्या मुलीने केलं. चित्रपट फार चालला नाही. कर्ज फेडायला चार वर्षं लागली. पण नामावलीत स्वयंपाक करणाऱ्या मावशींचं पूर्ण नाव, आडनावासकट, होतं. त्या तीनदा बघायला आल्या. तिन्ही वेळा नामावली संपेपर्यंत उठल्या नाहीत.

शेवटी तुमच्याबद्दल एक गोष्ट, राग मानू नका. काल रात्री अंगणात बसले होते तेव्हा एक वस्तीतली कार्यकर्ती म्हणाली, "मोर्चाला माणसं आम्ही आणतो, स्टेजवर बोलायला मात्र नेहमी त्याच ताई." दिल्लीच्या परिषदेला कोण जाणार, पत्रकारांशी कोण बोलणार, फोटोत पुढे कोण, अहवालावर कोणाचं नाव, हे कोणीतरी निवडतंच. इथेसुद्धा दाराशी उभं राहून कोणीतरी मनातल्या मनात "नॉट फिट" म्हणत असेल. तिचं बोलणं गावठी आहे, तिला मुद्दा मांडता येत नाही, ती घाबरेल. मी माझ्या कागदावर जे लिहिलं होतं त्याच जातीचं हे वाक्य आहे.

तेव्हा संध्याकाळच्या सत्राची वक्त्यांची यादी अजून झाली नसेल, तर ती करताना काल अंगणात बोलणाऱ्या त्या बाईचं नाव तेवढं त्यात घाला. ती घाबरली तर मी शेजारी बसेन.